गाव्रिलाच्या नावानं कांदेवाला

सेवास्ता मोकानु डॅन्यूब नदीकाठच्या ब्राइला शहरात ट्रामवर तिकीट तपासनीस होती. ती चढली की ज्यांच्याकडे तिकीट असायचं तेसुद्धा खिसे चाचपायला लागायचे. तिनं ट्रामच्या बड्या साहेबाच्या सासूला भर पावसात खाली उतरवलं होतं. एकदा तर स्वतःच्या होणाऱ्या नवऱ्यालाही तिनं बिनतिकीट पकडलं. त्या बिचाऱ्याला वाटलं होतं, आता काय, ट्राम घरचीच. त्यानं मुकाट दंड भरला आणि अंगठी परत मागितली. तिनं अंगठी दिली, दंडाची पावती दिली आणि पुढच्या थांब्यावर मागच्या डब्यात चढली. त्यानंतर तिच्यासमोर लग्नाचा विषय काढायची कुणाची छाती झाली नाही.

तिची विद्या साधी होती. ज्याच्याकडे तिकीट आहे तो शेजाऱ्याच्या पिशवीत कोबी आहे की मासे ते बघत बसतो. ज्याच्याकडे नाही तो खिडकीबाहेर बघतो, जणू डॅन्यूब आजच कुणीतरी आणून ठेवली आहे. सेवास्ता थेट त्या खिडकीशी जायची आणि हात पुढे करायची. नियम म्हणजे नियम, एवढंच एक वाक्य तिला भांडणात पुरायचं.

अशी बाई निवृत्त झाली की तिच्याकडे कॉफी प्यायला कोण येणार? इमारतीखालच्या बाकावर सूर्यफुलाच्या बिया फोडत बसलेल्या बायका ती आली की सरकून जागा द्यायच्या आणि विषय बदलायच्या. निम्म्या गावानं कधी ना कधी तिच्याकडे दंड भरला होता, आणि उरलेल्या निम्म्यांना आज ना उद्या भरावा लागेल अशी भीती होती. तिच्या दाराची घंटा वाजवायचा तो फक्त गॅसचा मीटर बघणारा माणूस, आणि तोसुद्धा आकडा घेऊन जिन्यातूनच पळायचा.

घंटा वाजत नव्हती, पण भिंत वाजायची. आमच्या त्या सरकारी इमारतींच्या भिंती कशा, शेजारी शिंकला तर आपण रुमाल काढावा. पलीकडे गाव्रिला राहायचा, जहाजाच्या कारखान्यात ठोकाठोकी करून कान गमावलेला. नव्वदच्या नंतर बाजारात टीव्हीला जोडायचे व्हिडिओ गेम आले तेव्हा त्यानं मुलासाठी, रेमुससाठी एक घेतला होता. रेमुसला तो रविवारी दुपारी मिळायचा, बापाला झोप लागली तर. कॅसेटवरची नावं चिनी, ती कुणाच्या बापाला वाचता येणार? म्हणून इमारतीतल्या पोरांनीच खेळांची बारशी केली होती. गाव्रिलाच्या लाडक्या खेळाचं नाव कांदेवाला. पाठीवर टोपली घेतलेला एक बुटका माणूस पळत सुटतो, वाटेत खड्डे येतात, बेडूक येतात, आणि तो बेडकांना काहीतरी गोल गोल फेकून मारतो. ते कांदेच असणार यावर सगळ्यांचं एकमत होतं.

पुढे टीव्ही गेला, व्हिडिओ गेमही गेला, आणि रेमुस स्पेनला संत्री तोडायला गेला. तिकडून त्यानं बापाला हातात धरून खेळायचं एक यंत्र पाठवलं. साबणाच्या वडीएवढं, काळं, कडा झिजलेलं. कंपनीनं ते बनवायचं कधीच बंद केलं होतं, पण म्हणूनच ते स्वस्तात मिळालं आणि त्यात जुन्या टीव्हीवरचे सगळे खेळ भरता आले. शेकडो खेळ होते म्हणे त्यात. गाव्रिलानं उघडला तो कांदेवाला, आणि मरेपर्यंत दुसरा बघितला नाही. संध्याकाळी तो गॅलरीत लोणच्याच्या बरण्यांमध्ये खुर्ची घालून बसायचा आणि बहिरा असल्यामुळे आवाज पूर्ण सोडायचा. टिडिंग टिडिंग टिंग, टुक टुक, टिडिंग. सेवास्ता झाऱ्यानं भिंत बडवायची. तो ती थाप संगीतातलीच समजायचा.

मेलाही तो तसाच, खुर्चीत बसल्याबसल्या, हातात खेळ घेऊन. त्याची बायको अग्लाया बाजारात गेली होती. खड्ड्याच्या काठावर कांदेवाला उभा, कुणी बटण दाबेना, आणि तेच टिडिंग टिडिंग पुन्हा पुन्हा वाजत राहिलं. सेवास्तानं त्या दिवशी भिंतीचा रंग उडेपर्यंत झारा चालवला आणि गाव्रिलाला इमारतीला पुरतील एवढ्या शिव्या दिल्या. आपण मेलेल्या माणसाशी भांडत होतो, हे तिला संध्याकाळी कळलं. ही गोष्ट तिनं कुणालाही सांगितली नाही, पण झारा मात्र कपाटाच्या मागे टाकून दिला.

चाळिसाव्या दिवशी अग्लायानं रीतीप्रमाणे जेवण घातलं. गव्हाची गोड कोलिवा, कोबीत गुंडाळलेले सारमाले, प्रत्येकाच्या पुढ्यात त्सुइकाचा, म्हणजे आलुबुखाराच्या दारूचा पेला. मेलेल्या म्हशीला मणभर दूध म्हणतात तसं झालं. ज्यांनी गाव्रिलाला जन्मभर रिकामटेकडा म्हटलं होतं ते त्याच्या नेमबाजीचं कौतुक करू लागले. जेवणानंतर वस्तू वाटायला सुरुवात झाली. आमच्याकडे हे सगळ्यांना ठाऊक असतं. मेलेल्याच्या नावानं जे इथं द्याल ते त्याला तिथं मिळतं. त्याचा कोट दिला की त्याला तिथं थंडी वाजत नाही, खुर्ची दिली की तो बसतो. मात्र ज्याला दान मिळालं त्यानं ती वस्तू वापरली पाहिजे. कपाटात कोंबली, विकली किंवा दुसऱ्याला देऊन टाकली की तिथं त्या माणसाच्या हातून ती गेली. आणि दान नाकारायचं तर प्रश्नच नाही, तो मेलेल्याचा अपमान.

वरच्या मजल्यावर राहणाऱ्या, इमारतीचा कारभार बघणाऱ्या पांदेलेला बूट मिळाले. ते त्याला एक मापानं लहान होते, पण करतो काय, त्या दिवसापासून तो जिन्यात बदकासारखा चालू लागला. शिवाय त्यालाच स्क्रू, तारा आणि वायरींनी भरलेली एक मोठी बरणीही मिळाली. मग अग्लाया सेवास्ताजवळ आली. हातात टॉवेल, टॉवेलावर मेणबत्ती आणि मेणबत्तीशेजारी ते काळं यंत्र.

"हे तुम्हाला, सेवास्ताबाई. त्यांच्या नावानं," अग्लाया म्हणाली. "ऐकलं तर तुम्हीच सगळ्यांत जास्त."

टेबलावरचे चमचे थांबले. सेवास्ता खुर्चीच्या अपेक्षेनं आली होती, चांगली मजबूत खुर्ची होती ती. पण नियम म्हणजे नियम. ती उठली, टॉवेल घेतला आणि म्हणायचं ते म्हणाली, "देव त्याला देवो." घरी येऊन तिनं यंत्र चादरींच्या खाली ठेवलं आणि कपाटाला किल्ली लावली.

आठवडाही गेला नसेल, दाराची घंटा वाजली. मीटरवाल्याची वेळ नव्हती. दारात अग्लाया, डोक्याला काळा रुमाल, ओठ घट्ट मिटलेले.

"रात्री हे स्वप्नात आले होते," ती म्हणाली. "बाकावर बसलेत, हातात यंत्र आहे, पण काळं ठिक्कर. दिवाच नाही त्याला. तोंड फुगवून माझ्याकडे बघत होते नुसते. तुम्ही वापरत नाही ना ते?"

सेवास्तानं आयुष्यभर लोकांना जो प्रश्न विचारला तोच आज कुणीतरी तिला विचारत होतं. कानाच्या पाळ्या गरम झाल्या. ज्या बाईनं नियमापायी नवरा सोडला तिनं दानाचा नियम मोडावा आणि तेही उघडकीला यावं? तिनं अग्लायाला सांगितलं की आजपासून वापरेन. मग कपाट उघडलं, यंत्र काढलं, सगळी बटणं दाबून पाहिली आणि तिला कळलं की यात वीजच नाही.

चार्जर कुठे गेला याचा शोध लावायला तिला फारशी हुशारी लागली नाही. त्या यंत्राच्या चार्जरची पिन जगावेगळी, दुसऱ्या कशालाच न बसणारी, आणि तो चार्जर बाकीच्या वायरींबरोबर बरणीत, बरणी पांदेलेकडे. अग्लायानं कपाळावर हात मारून घेतला. नवऱ्याला तिथं खेळ पाठवला आणि चार्जर दुसऱ्याच माणसाच्या पत्त्यावर. परत मागायचा तर दान परत घेतल्याचं पाप, पांदेलेनं सेवास्ताला द्यायचा तर दान दुसऱ्याला दिल्याचं पाप. शेवटी दोघी पाद्री लाझारकडे गेल्या. पाद्री तरुण होता, मोटरसायकल पुशीत होता. त्यानं सगळं ऐकलं, दाढी खाजवली आणि निर्णय दिला की चार्जर देता येणार नाही, पण शेजारधर्म म्हणून वापरू देता येईल. मग त्यानं हळूच विचारलं, कांदेवाल्यात तो बर्फाचा पूल येतो तिथं गाव्रिलाकाका कसे पार व्हायचे, ते कुणाला माहीत आहे का.

अडला हरी गाढवाचे पाय धरी. सेवास्ता एक दिवसाआड यंत्र घेऊन वरच्या मजल्यावर जाऊ लागली. पांदेलेला तिनं तरुणपणी तीनदा पकडलं होतं, आणि तो ते विसरला नव्हता. तो बरणी कडेवर घेऊन तिला स्वयंपाकघरात बसवायचा, वायर स्वतः लावायचा आणि यंत्र भरेपर्यंत समोर बसून बूट चोळत राहायचा. मध्येच विचारायचा, "चेकरबाई, विजेचं तिकीट काढलंत का?" सेवास्ता खिडकीबाहेर बघायची.

आणि खेळता तर येत नव्हतंच. कांदेवाला सुटला की थेट पहिल्या खड्ड्यात. पुन्हा सुटला, पुन्हा खड्ड्यात. आधी तिनं बटणांना दोष दिला, मग चष्म्याला, मग खड्डा खणणाऱ्याला. नाचता येईना अंगण वाकडं. भिंतीपलीकडे हे सगळं ऐकू जात होतं, कारण आवाज कमी कसा करायचा तेही तिला माहीत नव्हतं. दोन दिवसांनी अग्लाया पुन्हा दारात.

"पुन्हा आले होते," ती म्हणाली. "डोकं धरून बसलेत. म्हणतात, सांग त्या बाईला, काठाशी जाऊन उडी मारू नकोस म्हणावं, आधी मार. सकाळपासून मला खड्ड्यात पाडतेय."

सेवास्तानं आधी उडी मारली, आणि पार झाली. त्या दिवशी तिच्या तोंडून जो आवाज निघाला तो ट्राममध्ये कुणी कधी ऐकला नव्हता. तिथून गाडी सुरू झाली. अग्लाया रोज संध्याकाळी येऊ लागली, कधी पापानाशी घेऊन, वर दही आणि मुरंब्याचा गोळा असलेले गरम वडे, कधी नुसतीच. सेवास्ता कॉफी ठेवायची. दुसरा पेला काढताना तिला तो धुवावा लागला, इतकी वर्षं तो वापरलाच नव्हता. गंमत म्हणजे अग्लायानं तो खेळ कधी डोळ्यांनी पाहिलाच नव्हता. स्वयंपाकघरात पाठमोरी राहून तिनं तो सबंध संसारभर फक्त ऐकला होता. आताही ती पडद्याकडे बघायची नाही. विणत बसायची आणि सांगायची, "आता बेडूक येईल. दोन येतील. आता तो फुकटचा कांदा मिळतो ना, तो घे." आणि खरोखर यायचा, मिळायचा. कधीतरी त्या दिवसांत सेवास्ताबाईची वास्ता झाली आणि तुम्ही जाऊन तू आलं, ते दोघींपैकी कुणालाच नेमकं सांगता आलं नसतं.

स्वप्नं मात्र चालूच होती. हे म्हणाले, कांदे जपून वापर. हे म्हणाले, वास्ताचा हात बसतोय. एक दिवस अग्लाया असंच काहीतरी सांगत होती आणि सेवास्तानं पडद्यावरून नजर वर केली. अग्लाया खिडकीबाहेर बघत होती.

सेवास्ताला एका क्षणात कळलं. इतकी वर्षं जे ओळखत आली ते ती आपल्या स्वयंपाकघरात ओळखणार नाही? स्वप्न पडलंच नव्हतं. आजचं नाही, कालचं नाही, बहुधा पहिलंही नाही. गाव्रिला मेला तो मेला, बायकोच्या स्वप्नात एकदाही फिरकला नव्हता. पलीकडच्या घरात शांतता झाली होती आणि ती त्या बाईला सहन होत नव्हती, म्हणून तिनं खेळ भिंतीअलीकडे देऊन टाकला होता आणि तो वाजत राहावा म्हणून रोज एक स्वप्न रचत होती. सेवास्ताचा हात सवयीनं टेबलावरून पुढे सरकला. मग तिनं त्या हातानं पापानाशीची बशी जवळ ओढली.

"अजून काय म्हणाला?" तिनं विचारलं.

जन्मात पहिल्यांदा तिनं बिनतिकीट माणसाला पुढच्या थांब्यापर्यंत जाऊ दिलं. आणि खरं सांगायचं तर तिला त्याचं फार बरं वाटलं.

उन्हाळा लागला, डासांनी गॅलऱ्या ताब्यात घेतल्या, आणि एका गुरुवारी यंत्र मेलं. आधी काही दिवस पाठीला फुगवटा आला होता, झाकण नीट बसेना. त्या दिवशी पांदेलेच्या स्वयंपाकघरात वायर लावली तर दिवा लागलाच नाही. पांदेलेनं पिन पुसली, फुंकली, शिव्या दिल्या, आणि म्हणाला की वायर ठीक आहे. सेवास्तानं सांगितलं की बटण अडकलं असेल, उद्या बघते. दुसऱ्या दिवशी ती बाजारात मोबाईल दुरुस्त करणाऱ्याकडे गेली. त्यानं झाकण काढून बॅटरी चिमट्यात धरली, पावासारखी फुगली होती. मावशी, याची नवी बॅटरी आता बनतच नाही, जुन्या सापडतील त्या सगळ्या अशाच निघतील, असं तो म्हणाला. आतली सर्किटची पट्टीही जळली होती. त्यानं ते विकत घ्यायची तयारी दाखवली, शोभेसाठी काचेच्या कपाटात ठेवायला. सेवास्तानं ते त्याच्या हातातून हिसकावून घेतलं.

त्या संध्याकाळी ती अंधारलेल्या पडद्यासमोर बसून राहिली. रेमुसला स्पेनला फोन करावा तर तो आधी आईलाच विचारणार. अग्लायाला सांगावं तर काय सांगावं? तुझा नवरा दुसऱ्यांदा गेला आणि या वेळी माझ्या हातात? रोज ज्या वेळी कांदेवाला सुरू व्हायचा ती वेळ झाली. पलीकडे खुर्ची ओढल्याचा आवाज आला. अग्लायाला त्या दिवशी तिच्याकडे यायला जमलं नव्हतं, पायाला सूज होती, म्हणून ती आपल्याच घरी भिंतीशी खुर्ची लावून बसली होती. मग काही नाही. भिंतीच्या त्या बाजूला एक बाई वाट बघत होती आणि या बाजूला दुसरीला ती वाट ऐकू येत होती.

सेवास्तानं घसा खाकरला आणि तोंड उघडलं.

टिडिंग टिडिंग टिंग. शाळेत तिला समूहगीतातून काढून टाकलं होतं, आणि तेव्हा तर ती सिगारेट ओढत नव्हती. टुक टुक, टिडिंग. बेडूक आला तिथं तिनं जीभ टाळ्याला लावून टॉक केलं. कांदा मिळाला तिथं बशीवर चमचा वाजवला. खड्डा आला तिथं उडी मारली, म्हणजे आवाजानं मारली. निर्जीव यंत्र तिनं दोन्ही हातांत धरलंच होतं आणि अंगठ्यानं बटणंही दाबत होती, कारण वापर म्हणजे वापर, त्यात सूट नाही. बर्फाच्या पुलापर्यंत तिनं कांदेवाल्याला सुखरूप नेलं आणि घामानं निथळत थांबली. पलीकडे खुर्ची जागेवर गेली. ऐकलं होतं.

पण आता अग्लायाला घरात घेता येईना. तिच्यासमोर काय गायचं? सेवास्तानं दारातूनच सांगितलं की सर्दी झाली आहे, लागण होईल, चार दिवस येऊ नकोस. अग्लाया बरं म्हणाली. पापानाशी उंबऱ्यावर ठेवून जायची. चाराचे आठ झाले, सर्दी काही हटेना. ज्या संगतीसाठी सगळा खटाटोप तीच दारातून परत पाठवावी लागत होती, आणि ते सेवास्ताला रोज लागत होतं. दुसरा पेला तिनं पुन्हा धुऊन ठेवला, कोरडाच. संध्याकाळ झाली की ती आपली भिंतीशी बसायची आणि गायची. आपण खोटं बोलतोय याचं तिला काही वाटत नव्हतं. उघडं पडलं की ती बाई पुन्हा त्या शांततेत एकटी बसेल, आणि आपण आपल्या, याची मात्र तिला धडकी भरली होती.

आणि उघडं पाडायला माणूस टपलेलाच होता. पांदेले तिला जिन्यात गाठून म्हणाला की चेकरबाई हल्ली चार्जिंगला येत नाहीत, पण आवाज तर रोज येतोय. हे कुठल्या विजेवर चालतं? सेवास्तानं त्याला त्याचे बूट कसे आहेत ते विचारलं. तो लंगडत वर गेला, पण त्याच्या चेहऱ्यावर जे हसू होतं ते तिला ओळखीचं होतं. माणसाला पावती फाडायच्या आधी येतं ते.

रविवार होता. फुटबॉलचा मोठा सामना होता, आणि इमारतीच्या सगळ्या खिडक्या उघड्या होत्या. बाकावर बिया फुटत होत्या. पांदेलेचा टीव्ही गॅलरीतच काढलेला. आमचा संघ हरत होता, म्हणजे जगरहाटी चालू होती, पण पांदेलेला त्याचं खापर फोडायला कुणीतरी हवं होतं. खालच्या मजल्यावर सेवास्ता दुसऱ्या बेडकापर्यंत पोचली होती. टुक टुक, टिडिंग, आणि मध्येच तिला खोकल्याची उबळ आली. तिनं ती कशीबशी गिळली आणि कांदेवाल्याला पुढे पळवलं.

"चेकरबाई!" पांदेले कठड्यावरून ओणवा होऊन ओरडला. "बास झालं आता. ते यंत्र मेलंय. बाजारातल्या पोरानं मला स्वतः सांगितलं, त्याची पट्टी जळलीये. तुम्ही तोंडानं आवाज काढताय. त्या गरीब विधवेला का फसवताय?"

बिया फुटायच्या थांबल्या. कुणीतरी टीव्हीचा आवाजसुद्धा कमी केला, सामन्यापेक्षा हे बरं होतं. सेवास्ता भिंतीशी तशीच बसून राहिली, मांडीत ती काळी वडी. तिला अंगणातलं एकेक तोंड न बघताही दिसत होतं. तिच्या हातून उतरवल्या गेलेल्या सगळ्यांना आज ती उतरताना बघायची होती. त्याचंही तिला फारसं काही नव्हतं. ती पलीकडचा कानोसा घेत होती. मग खुर्ची सरकली. सुजलेल्या पायांची पावलं एकेक करत गॅलरीपर्यंत गेली आणि दार करकरलं.

"पांदेले," अग्लाया म्हणाली. तिनं आवाज चढवला नव्हता, पण सगळ्या इमारतीला ऐकू जाईल असा लावला होता. "मी काय बहिरी आहे? इतकी वर्षं ऐकलंय मी ते. यंत्र कधी खोकतं का रे?"

पांदेलेनं कठड्यावरून अंग मागे घेतलं.

"पहिल्या दिवशीच कळलंय मला. तू तुझा टीव्ही बारीक कर. आमचे हे खेळतायत."

दार लागलं. पावलं परत आली, खुर्ची भिंतीला टेकली. सेवास्ता रडली. मुसमुसून वगैरे नाही, तिकीट तपासनिसाला शोभेल असं, ताठ बसून. मग तिनं नाक पुसलं, यंत्र दोन्ही हातांत धरलं आणि पहिल्यापासून सुरुवात केली. सूर कुठल्या कुठे, आणि कांदेवाला पहिल्याच खड्ड्यात पडला.

"असू दे, वास्ता," भिंतीतून आवाज आला. "पुन्हा सुरू कर."